रिगाचा ७९ मीटरचा सोव्हिएत स्तंभ पाडला, बरं झालं का?

शेवंती

परवा घरच्या ग्रुपवर आतोबांनी एक व्हिडिओ फॉरवर्ड केला. उंच काँक्रीटचे खांब, टोकाला चांदण्या, खाली यंत्रांची घरघर आणि मग अख्खं प्रकरण धाडकन समोरच्या तळ्यात. खाली ओळ होती, 'ज्यांनी हिटलरपासून सोडवलं त्यांचंच स्मारक पाडणारे कृतघ्न'. मला टॅग करून विचारलं, तू तिथेच असतेस ना गं, हे काय नवीन? नवीन काही नाहीये, व्हिडिओ २५ ऑगस्ट २०२२ चा आहे, फिरत फिरत आत्ता आपल्याकडे पोचलाय. ग्रुपवर दोन ओळीत आटपण्यासारखा विषय नाही म्हणून इथे टंकते, लांबण लागणार आहे, चहा घेऊन बसा.

मी रिगात राहते, लाटव्हियाची राजधानी. शिकायला आले (इथे भारतीय विद्यार्थी भरपूर, मराठीही कानावर पडतं), मग नोकरी लागली आणि राहिले. हे स्मारक दाउगावा नदीच्या डाव्या काठाला, विजय बागेत होतं. बांधलं १९८५ साली, म्हणजे सोव्हिएत युनियनचाच कारभार आटोपायला सहा वर्षं उरली असताना. मधे ७९ मीटरचा स्तंभ, खरं तर पाच खांब एकत्र उभे केलेले, १९४१ ते ४५ या पाच वर्षांचे पाच, प्रत्येकावर पंचकोनी चांदणी. एका बाजूला मातृभूमीचा पुतळा, दुसऱ्या बाजूला तीन सैनिक. अधिकृत नाव मारुतीच्या शेपटासारखं, 'सोव्हिएत लाटव्हिया आणि रिगाला जर्मन फॅसिस्ट आक्रमकांपासून मुक्त करणाऱ्यांचं स्मारक'.

आता मुक्त कोण झालं, तर इथला हिशोब असा आहे. जून १९४० मध्ये सोव्हिएत फौजा आल्या आणि देश गिळला. १४ जून १९४१ ला पंधरा हजारांवर माणसं, बायकापोरांसकट, गुरांच्या वाघिणींत भरून पूर्वेला रवाना. पुढच्याच आठवड्यात जर्मनांनी हल्ला केला आणि जुलैपर्यंत रिगा त्यांच्या ताब्यात. त्यांनी आणि त्यांच्या इथल्या साथीदारांनी सत्तर हजारांच्या आसपास ज्यू मारले, एकट्या रुम्बुलाच्या जंगलात दोन दिवसांत पंचवीस हजार. १३ ऑक्टोबर १९४४ ला लाल सेनेनं रिगा घेतलं. नाझी गेले, पण लाल सेना काही माघारी गेली नाही. मार्च १९४९ मध्ये परत बेचाळीस हजारांच्या आसपास लोक सैबेरियाला. आणि रशियन सैन्य इथून हललं कधी, तर ऑगस्ट १९९४ मध्ये. मला तेव्हा दुधाचे दात होते.

ऑफिसातल्या माझ्या मैत्रिणीची आजी त्या १९४९ च्या गाड्यांतून गेली. राईच्या ब्रेडचं पीठ लाकडी काथवटीत आंबायला ठेवलं होतं ते तसंच टाकून. त्यांच्या घरी अजून तो विषय निघाला की आधी पिठाचं बोलतात, मग सैबेरियाचं.

आणि माझ्याच जिन्यात राहणाऱ्या आजी रशियन बोलतात. त्यांचे वडील आघाडीवर गेले ते गेलेच, कुठे पुरलंय तेही माहीत नाही. दर ९ मेला, म्हणजे हिटलरवरच्या विजयाच्या सोव्हिएत दिवशी, या आजी लाल कार्नेशनची फुलं घेऊन विजय बागेत जायच्या. वडिलांना फूल वाहायला दुसरी जागाच नव्हती त्यांना.

तो ९ मे ज्याने पाहिला नाही त्याला हे प्रकरण कळणार नाही असं मला वाटतं. रिगात एक तृतीयांशाहून जास्त लोक रशियन वंशाचे. त्या दिवशी हजारोंनी माणसं येणार, काळ्या-केशरी फिती लावून, पोरं खांद्यावर, गाणी, भाषणं, स्मारकासमोर फुलांचा लांबच लांब पट्टा. २००९ ते १९ शहराचा महापौर निल्स उशाकोव्ह होता, रशियन भाषिक मतांवर आलेला, तोही हजर असायचा. आणि नदीपलीकडे ऑफिसातले लाटव्हियन लोक त्या दिवशी पुलावरून येणंच टाळायचे. एकाच शहरात एकाच दिवशी अर्ध्यांचा सण आणि अर्ध्यांचं सुतक.

तरी तीस वर्षं स्मारकाला कोणी अधिकृतपणे हात लावला नाही. अनधिकृतपणे लावला होता, १९९७ मध्ये एका कडव्या राष्ट्रवादी संघटनेच्या लोकांनी ते उडवायला बॉम्ब आणला, तो त्यांच्याच हातात फुटला आणि दोघं जागीच गेले. मग फेब्रुवारी २०२२ मध्ये रशिया युक्रेनमध्ये घुसला आणि सगळं बदललं. त्या वर्षी संसदेने ९ मे हा युक्रेनच्या बळींच्या स्मरणाचा दिवस ठरवला. तरी लोक फुलं घेऊन गेलेच. १० मेच्या सकाळी पालिकेच्या ट्रॅक्टरनं ती फुलं ढकलून उचलली. त्याचे व्हिडिओ तासाभरात सगळीकडे, आणि दुपारी लोक दुप्पट फुलं घेऊन परत. १२ मेला संसदेनं मार्ग मोकळा केला, दुसऱ्या दिवशी शहराच्या कौन्सिलने पाडायचं ठरवलं, जूनमध्ये कायदाच आला की सोव्हिएत आणि नाझी राजवटीचा गौरव करणाऱ्या अशा वस्तू १५ नोव्हेंबरपर्यंत काढा. ऑगस्टमध्ये कारभार आटोपला.

माझं मत विचाराल तर स्मारक काढलं ते योग्यच. ज्या सैन्यानं आजी नेली त्याला मुक्तिदाता म्हणणारा ७९ मीटरचा खांब रोज खिडकीतून बघा असं मी त्या मैत्रिणीला सांगू शकत नाही. पण फुलांवर ट्रॅक्टर घातला ते मला आजही पटलेलं नाही. खांब सरकारने बांधलेला, सरकारने पाडला. फुलं तर जिन्यातल्या आजींनी आणलेली होती.

बोरकूट

वाचतेय. छान विषय.

जुना खोडरबर

शेवंती, मनापासून लिहिलं आहेस, पण थोडं आमच्या पिढीचंही ऐक. सोव्हिएत युनियनची २ कोटी ७० लाखांच्या आसपास माणसं त्या युद्धात गेली. ऑशविट्झचं दार जानेवारी १९४५ मध्ये उघडलं ते लाल सेनेनं. हिटलर जिंकला असता तर आज लाटव्हियन भाषा बोलायला कोणी उरलं असतं का याचा विचार तुझ्या मैत्रिणीने करावा. स्टालिनचे गुन्हे मला माहीत नाहीत असं नाही, पण तो खांब स्टालिनचा नव्हता, कुठल्यातरी खेड्यातून आलेल्या पोरसवदा सैनिकाचा होता. आणि तुझ्या त्याच रिगात दर १६ मार्चला हिटलरच्या एसएस सैन्यातल्या लाटव्हियन दलाच्या नावाने लोक फुलं घेऊन निघतात ते तू लिहिलं नाहीस.

अवांतर, आमच्या घरी मॉस्कोच्या रादुगा आणि मीर प्रकाशनाची पुस्तकं पोत्याने होती, लोकवाङ्मय गृहातून आणलेली. गुळगुळीत कागद, रंगीत चित्रं आणि किंमत एका मसाला डोशाएवढी. भौतिकशास्त्र मी त्यातून शिकलो. तेव्हा माझ्या डोळ्यावर चष्मा आहे हे मान्य, पण तुझ्याही आहे.

टेकडीवरचा

काका, पुस्तकं स्वस्त मिळाली म्हणून दुसऱ्याच्या देशात खांब ठेवायचा का? हलके घ्या.

मूळ मुद्दा, एवढा खर्च करून पाडायचं कशाला. आपण १९६५ मध्ये सातव्या एडवर्डचा काळा घोडा गुपचूप उचलला आणि राणीच्या बागेत नेऊन ठेवला. ना धूळ ना आरडाओरडा, आणि नाक्याचं नाव अजून काळा घोडाच आहे.

शेवंती

@टेकडीवरचा, एडवर्डच्या घोड्यापुढे फुलं घेऊन जमणारे हजारो लोक मुंबईत राहत नव्हते हो. आणि घोडा उचलता येतो, ७९ मीटरचं काँक्रीट कुठल्या बागेत नेणार? खर्चाचं म्हणाल तर लोकांनी वर्गणी काढली, दोन लाख युरोंच्या वर जमले. ज्यांनी दिले ते अभिमानाने सांगतात.

@खोडरबर काका, १६ मार्चचं खरंय, मूळ पोस्ट लांबली म्हणून राहिलं. ते दल १९४३ मध्ये उभं राहिलं. बरेच जण सक्तीच्या भरतीचे, पण आधी ज्यूंच्या कत्तलीत हात असलेलेही काही त्यात मिसळले होते, आणि ते फुलं वाहताना कोणी मोठ्याने बोलत नाही. मला तो दिवस आवडत नाही. पण तुम्ही म्हणता तो पोरसवदा सैनिक घ्या. लाटव्हियन पोरं लाल सेनेतही होती आणि जर्मनांच्या बाजूलाही, आणि १९४४ च्या शेवटी कुर्झेमे भागात ती एकमेकांवरच गोळ्या झाडत होती. दोन्हीकडची पोरं गेली, खांब मात्र एकाच बाजूचा झाला आणि तोही मॉस्कोने सांगितलेल्या गोष्टीचा.

आणि नाझींच्या बळींचं सोव्हिएत काळातलं स्मारक इथे शाबूत आहे. रिगाबाहेर सालस्पिल्सला जर्मन छळछावणी होती, तिथे १९६७ मध्ये प्रचंड काँक्रीटचे पुतळे उभारले. त्याच्या शिल्पकारांपैकी लेव्ह बुकोव्स्की हा विजय स्तंभाच्या कामातही होता. एकाच माणसाचं एक काम पाडलं, दुसऱ्याला शाळेच्या सहली येतात. तेव्हा 'सोव्हिएत म्हणून सरसकट पुसलं' हे फॉरवर्डवाल्यांचं खोटं आहे.

चकली बिघडली

म्हणजे आपल्याकडेही कायदा करून अमक्यातमक्याचे पुतळे...

सुलभा म

चकली, नको. प्लीज. त्या वळणावर गेलेले धागे आठव. रिगातच राहू दे.

मेतकूट

टालिनहून हजेरी, म्हणजे शेजारचा एस्टोनिया. आमच्याकडे हा सिनेमा पंधरा वर्षं आधी लागला होता, मी तेव्हा इथे नव्हतो पण ऑफिसातले लोक अजून कालच्यासारखं सांगतात. शहराच्या मधोमध ब्राँझचा सैनिक होता, १९४७ चा, मान खाली घातलेला, हातात हेल्मेट. त्याच्या शेजारी लाल सेनेच्या सैनिकांच्या कबरी. एप्रिल २००७ मध्ये सरकारने त्याला हलवायचं ठरवलं आणि दोन रात्री दंगल. दुकानं फुटली, एक तरुण मेला, शेकड्यांनी अटक. पाठोपाठ बँका, वर्तमानपत्रं, सरकारी साइट सगळ्यांवर सायबर हल्ले. आता नाटोचं सायबर केंद्र टालिनमध्ये आहे, २००८ चं.

पण पाडला नाही हे लक्षात घ्या. लष्करी दफनभूमीत नेऊन उभा केला, कबरींतले अवशेषही काढून पुन्हा पुरले. ९ मेला लोक अजून तिथे फुलं घेऊन जातात आणि कोणाचं काही बिघडत नाही. मला विचाराल तर हेच बरोबर. दफनभूमीत सैनिक मेलेला माणूस दिसतो, चौकात तोच जिंकलेला दिसायचा. नारव्हाचा टी-३४ रणगाडा मात्र २०२२ च्या ऑगस्टमध्ये एका सकाळी उचलून थेट युद्ध संग्रहालयात नेला. नारव्हा म्हणजे नदीपलीकडे रशिया, सगळे श्वास रोखून होते. पण दंगल वगैरे झाली नाही.

टेकडीवरचा

बघा, एस्टोनियावाले घोडा पॅटर्न.

वकील नाही तरी

वकील नाही, पण कागद वाचायची खोड आहे म्हणून एक मुद्दा. सैन्य माघारी घ्यायच्या वेळी, १९९४ मध्ये, रशिया आणि लाटव्हियात जे करार झाले त्यातल्या निवृत्त सैनिकांच्या कराराच्या तेराव्या कलमात लाटव्हियाने स्मारकं आणि सामूहिक दफनभूमी सांभाळायचं कबूल केलं होतं. म्हणजे तीस वर्षं हात लावला नाही तो चांगुलपणा नव्हता, सही होती. १२ मे २०२२ ला संसदेनं जो 'मार्ग मोकळा केला' तो म्हणजे या स्मारकापुरतं ते कलम थांबवलं. कारण दिलं की रशियाच आंतरराष्ट्रीय कायदा पायदळी तुडवतोय. त्यानंतर संयुक्त राष्ट्रांच्या मानवाधिकार समितीनं सांगितलं की तक्रारीचा निकाल लागेपर्यंत पाडू नका, तरी पाडलं. समोरच्याने नियम मोडला म्हणून मीही मोडतो हे छोट्या देशाला परवडतं का? उद्या यांनाच कुठल्यातरी कराराचा आधार लागणार आहे.

शेवंती

हा मुद्दा वजनदार आहे. इथे त्यावर फार कमी बोललं गेलं, कारण त्या उन्हाळ्यात वातावरणच असं होतं की 'थांबा' म्हणणारा पुतिनचा माणूस ठरायचा. त्याचा राजकीय फटकाही बघा. रशियन भाषिकांचा सास्काण्या हा पक्ष २०१८ च्या निवडणुकीत सगळ्यात मोठा होता. त्यांनी युद्धाचा निषेध केला म्हणून कडवे मतदार तुटले, आणि लाटव्हियन लोकांचा विश्वास आधीच नव्हता. ऑक्टोबर २०२२ मध्ये पाच टक्क्यांची पायरीसुद्धा ओलांडता आली नाही, संसदेबाहेर. स्मारकाबरोबर त्या समाजाचा मधला आवाजही गेला, याचं मला जास्त वाईट वाटतं.

आणि नागरिकत्वाचा गुंता वेगळाच. १९९१ नंतर, सोव्हिएत काळात आलेल्यांना आपोआप नागरिकत्व दिलं नाही, लाटव्हियन भाषेची आणि इतिहासाची परीक्षा. अजूनही लोकसंख्येच्या दहा टक्क्यांच्या आसपास लोक 'नागरिक नसलेले' आहेत, पासपोर्ट वेगळा, मतदान नाही. जिन्यातल्या आजी त्यातल्याच. हे ऐकून आपल्याला राग येतो, मलाही यायचा. मग कोणीतरी आकडे दाखवतं की १९३५ मध्ये लाटव्हियन लोक पाऊण हिस्सा होते आणि १९८९ मध्ये ५२ टक्क्यांवर आले, अजून एक पिढी गेली असती तर स्वतःच्या देशात अल्पसंख्य. दोन्हीकडचं ऐकलं की डोकं भणभणतं.

जुना खोडरबर

हा ५२ टक्क्यांचा आकडा मला माहीत नव्हता. तरी माझं म्हणणं तेच आहे की टालिनसारखं करायचं होतं. आणि एक मजा सांगतो. तुझा खांब पडला ऑगस्ट २०२२ मध्ये, आणि बरोबर पुढच्या महिन्यात मॉस्कोत आपल्या अण्णाभाऊ साठ्यांच्या पुतळ्याचं अनावरण झालं, आपले उपमुख्यमंत्री गेले होते. आमच्या कट्ट्यावर त्या दिवशी पेढे. युक्रेनचं युद्ध चालू आहे हे त्या पेढ्यात कोणाला आठवलं नाही, मलाही नाही.

सुलभा म

काका, हे प्रामाणिकपणे लिहिलंत, आवडलं.

मला लिथुआनियाचा पर्याय सगळ्यात इरसाल वाटतो. तिथे मश्रूमच्या धंद्यात पैसा केलेल्या एका माणसाने उतरवलेले लेनिन, स्टालिन गोळा करून ग्रुटास नावाच्या गावी जंगलात मांडले, २००१ मध्ये पार्क उघडलं, वर तारेचं कुंपण आणि छावणीसारखे टेहळणी बुरूज. आम्ही ट्रिपला गेलो होतो तेव्हा माझ्या सासूबाईंनी लेनिनच्या बुटाशी बसून दशम्या खाल्ल्या. छळ झालेल्यांच्या घरच्यांनी खूप विरोध केला होता की आमच्या दुःखाचं जत्रेत दुकान मांडलंय, आणि तेही खोटं नाही. शेवंती, तुझा खांब तिथे मावला नसता म्हणा.

पण एक विचारायचं होतं. पुश्किनलाही काढलं म्हणतात ते खरं का? तो तर सोव्हिएत नव्हताच.

शेवंती

खरंय, मे २०२३ मध्ये, क्रोनवाल्ड बागेतला. पुतळा तर २००९ चा, म्हणजे स्वतंत्र लाटव्हियात बसवलेला! इथे मी रिगा पालिकेबरोबर नाही. १८३७ मध्ये मेलेला कवी, त्याने ना १९४० पाहिलं ना १९४९. पुतीन सरकार पुश्किनला सगळीकडे झेंड्यासारखं नाचवतं हे कारण सांगतात, पण मग तो झेंडा तुम्हीच त्यांच्या हातात दिलात ना. खांबाच्या वेळी माझ्याकडे उत्तर होतं, पुश्किनच्या वेळी जिन्यातल्या आजींनी नुसतं बघितलं आणि मी कुलूप शोधायचं नाटक केलं.

@मेतकूट, तुमचं दफनभूमीचं पटतं, पण इथे स्मारकाखाली कोणी पुरलेलंच नव्हतं. कबरींवरची स्मारकं कायद्याने वगळली आहेत. उलट त्याच बागेत फेब्रुवारी १९४६ मध्ये रुम्बुलाची कत्तल घडवणाऱ्या येकेल्नला आणि इतर जर्मन अधिकाऱ्यांना जाहीर फाशी दिली होती, गर्दीसमोर. आणि 'विजय बाग' हे नाव सोव्हिएत नाहीये बरं का, १९१९ च्या स्वातंत्र्ययुद्धातल्या विजयाचं आहे. एवढं सगळं एका मैदानात.

बोरकूट

आम्ही जूनमध्ये बाल्टिक ट्रिप करतोय, रिगाला दोन दिवस. स्तंभाच्या जागी आता काय आहे, बघण्यासारखं?

शेवंती

तिथे काही नाही, मोकळी बाग, धावणारे लोक. त्यासाठी नदी ओलांडू नका. एक दिवस शहरात ठेवा. स्वातंत्र्य स्मारक बघा, १९३५ चं, वर तीन चांदण्या धरलेली बाई, तिला सगळे मिल्डा म्हणतात. सोव्हिएत काळात तिथे फूल ठेवलं की सैबेरियाचं तिकीट असा विनोद होता. त्याच रस्त्यावर लेनिनचा पुतळा होता तो १९९१ च्या ऑगस्टमध्येच काढला. तसंच चालत जाऊन केजीबीची, म्हणजे सोव्हिएत गुप्त पोलिसांची, जुनी इमारत, कोपऱ्यावरचं घर म्हणतात. मग जुन्या गावात ऑक्युपेशन म्युझियम, आणि त्याच्या अगदी शेजारी लाल ग्रॅनाइटचे तीन लाटव्हियन रायफलमन (पहिल्या महायुद्धातले सैनिक, त्यातले बरेच पुढे लेनिनच्या बाजूने लढले), पुतळे सोव्हिएत काळातले, १९७१ चे, अजून उभे. कोणाचे ते तीन, लेनिनचे की देशाचे, यावर गाइडलोक अजून भांडतात.

दुसऱ्या दिवशी सकाळी सालस्पिल्स. रिगाच्या मुख्य स्टेशनवरून लोकल, डार्झिनी स्टेशनला उतरायचं, तिथून जंगलातून पायवाट. थोडीच चाल आहे पण पाटी बघून वळा, आमचे पाहुणे एकदा उलट्या दिशेला गेले होते. आत एका काळ्या दगडात मेट्रोनोम आहे, हृदयाच्या ठोक्यासारखा सतत वाजतो, लहान मुलं बरोबर असतील तर आधीच सांगून ठेवा. खायला काही मिळत नाही, डबा न्या. आणि जून असला तरी जॅकेट.

बोरकूट

डबा आणि जॅकेट नोंदवलं. केजीबीच्या इमारतीची तिकिटं आधी काढावी लागतात का?

शेवंती

गाइडबरोबरच्या फेरीला ठरावीकच माणसं घेतात, म्हणून आधी काढलेली बरी. कोणत्या तारखा ते माझ्या विचारपुशीत कळव, मी असेन तर येते.